लिबएसॅन सापडत नाही, डेडलीसिग्नल थांबत नाही, लाइट गेली की पुन्हा तेच: कोणत्या क्रमाने तपासायचं

लातूर, नांदेड, परभणीकडच्या कॉलेजांत सी आणि सी++ चे प्रोजेक्ट जमा करायची वेळ आली की मेमरीतल्या चुका पकडणाऱ्या लिबएसॅन या लायब्ररीच्या या तक्रारी हमखास येतात. आधी लक्षणं देतो. त्यात तुमचं कोणतं ते ओळखा, मग खाली उतरा.

– प्रोग्राम सुरूच होत नाही. "लिबएसॅन.एसओ.६: कॅनॉट ओपन शेअर्ड ऑब्जेक्ट फाइल" एवढं सांगून थांबतो. मुलांच्या भाषेत, "सर, घरी चालतंय, लॅबमधी चालंना."
– बिल्ड होतानाच "अनडिफाइन्ड रेफरन्स" येतो आणि पुढे __एसॅन_ ने सुरू होणाऱ्या नावांची रांग लागते.
– विंडोजवर "कॅनॉट फाइंड -एलएसॅन", नाहीतर "लिबएसएसपी-०.डीएलएल सापडली नाही" अशी खिडकी उघडते.
– "एसॅन रनटाइम डझ नॉट कम फर्स्ट इन इनिशियल लायब्ररी लिस्ट."
– पडदाभर "अ‍ॅड्रेससॅनिटायझर:डेडलीसिग्नल". प्रोग्राम कधी नीट चालतो, कधी नाही. बहुतेक वेळा लाइट जाऊन आल्यावर सुरू झालेलं असतं.
– प्रोग्राम चालतो, मधेच मरतो आणि मोठा रिपोर्ट येतो: "हीप-बफर-ओव्हरफ्लो", "स्टॅक-बफर-ओव्हरफ्लो", "हीप-यूज-आफ्टर-फ्री".

शेवटचं लक्षण वरच्या पाचांपेक्षा वेगळं आहे. ज्वारीच्या राखणीला माळ्यावर माणूस बसवला, तर तो आलाच नाही ही एक तक्रार आणि तो रात्री ओरडला ही दुसरी. पहिल्या पाचांत राखणदार शेतापर्यंत पोचलेलाच नाही. सहाव्यात तो पोचलाय आणि काम करतोय. तरी मला येणाऱ्या निम्म्याहून जास्त फोनांवर दोन्ही तक्रारी एकच समजून एकच उपाय केलेला असतो: मेकफाइलमधून (बिल्डच्या सूचनांच्या फाइलीतून) राखणदाराला बोलावणारं "-एफसॅनिटाइझ=अ‍ॅड्रेस" काढून टाकायचं. त्याने ओरडणं थांबतं, चोरी चालूच राहते.

आज्ञा इथे उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहिल्या आहेत. टर्मिनलवर त्या अर्थातच इंग्रजी अक्षरांत टाइप करायच्या.

ही लायब्ररी करते काय

अ‍ॅड्रेससॅनिटायझर, म्हणजे एसॅन, गूगलमध्ये तयार झालं. त्यावरचा शोधनिबंध २०१२ मध्ये आला आणि २०१३ च्या ४.८ आवृत्तीपासून ते जीसीसी या कंपायलरमध्येही आहे. कंपायलर तुमच्या कोडमधल्या प्रत्येक वाचण्या-लिहिण्याआधी एक तपासणी घालतो, आणि त्या तपासणीला लागणारी यंत्रणा लिबएसॅन या लायब्ररीत असते. ती दर आठ बाइटमागे एक बाइटची सावली-नोंद ठेवते: या जागेला हात लावायची परवानगी आहे की नाही. तुमच्या अ‍ॅरेच्या दोन्ही बाजूंना ती निषिद्ध पट्टे आखते. मोकळी केलेली मेमरी लगेच परत वापरायला देत नाही, २५६ एमबीपर्यंत अडकवून ठेवते. त्यामुळे प्रोग्राम साधारण दुप्पट हळू होतो आणि मेमरीही जास्त खातो. ते बिघाडाचं लक्षण नव्हे.

मुद्दा असा की इथे दोन तुकडे आहेत, कोडमधली तपासणी आणि बाहेरची लायब्ररी. हे दोन्ही एकाच कंपायलरच्या घरचे लागतात. पहिल्या पाचपैकी बहुतेक लक्षणं ही जोडी फुटल्याची आहेत.

फुकटची तपासणी: पहिली ओळ वाचा

माझ्याकडे येणाऱ्या फोटोंपैकी बहुतेक टर्मिनलच्या तळाचे असतात. तळाशी काही नसतं, कामाची ओळ सगळ्यात वर असते. प्रोग्राम चालवताना शेवटी "२> चूक.टीएक्सटी" जोडा, म्हणजे सगळा मजकूर फाइलमध्ये जाईल, आणि ती फाइल वरून वाचा. लायब्ररी सापडली नाही, नीट बसली नाही, की तिने चूक पकडली, हे तिथेच कळतं आणि पुढच्या अर्ध्या तपासण्या वाचतात.

एलडीडी: कोणती लायब्ररी मागतोय, कोणती मिळतेय

"एलडीडी ./हिशेब" असं आपल्या प्रोग्रामचं नाव देऊन चालवा. लिबएसॅनच्या ओळीपुढे "नॉट फाउंड" दिसलं की रोग सापडला. नावाच्या शेवटचा आकडा बघा, सगळी गोष्ट त्या आकड्यात आहे. उबुंटू २०.०४ मध्ये जीसीसी ९ येतो आणि त्याच्यासोबत लिबएसॅन ५. २२.०४ मध्ये जीसीसी ११ आणि लिबएसॅन ६. २४.०४ मध्ये जीसीसी १३ आणि लिबएसॅन ८. सात शोधत बसू नका, त्या रांगेत सहानंतर आठच आहे.

घरच्या लॅपटॉपवर २२.०४, लॅबमध्ये २४.०४ आणि मधे पेन ड्राइव्ह, एवढ्यावर हा बिघाड तयार होतो. उपाय: तयार प्रोग्राम नेऊच नका, कोड न्या आणि त्या मशीनवर बिल्ड करा. तेही आधी "मेक क्लीन" करून. हे मी मुद्दाम सांगतो, कारण अख्खं फोल्डर कॉपी केलं की जुना प्रोग्राम आणि जुन्या ऑब्जेक्ट फाइली सोबत येतात. मेक म्हणतो सगळं ताजं आहे, काहीच बिल्ड करत नाही, आणि पोरगं शपथेवर सांगतं की "सर, आत्ताच पुन्हा बिल्ड केलं."

रेड हॅट, फेडोरा घराण्यात जीसीसी टाकल्यावरही लिबएसॅन वेगळं टाकावं लागतं: "डीएनएफ इन्स्टॉल लिबएसॅन". उबुंटूवर ते कंपायलरसोबतच येतं, म्हणून उबुंटूवर शिकलेल्यांना हे सुचत नाही.

एक उपाय कुणीतरी नक्की सुचवेल: लिबएसॅन ८ कडे बोट दाखवणारी, लिबएसॅन ६ नावाची सिमलिंक (दुसऱ्या फाइलकडे नेणारी नुसती खूण) करा. करू नका. आकडा बदलतो तो आतली मांडणी बदलली म्हणूनच. सिमलिंकवर प्रोग्राम सुरू झाला तरी त्याच्या रिपोर्टवर विश्वास ठेवता येत नाही, आणि खोटा रिपोर्ट हा रिपोर्ट नसण्यापेक्षा वाईट.

मेकफाइल: दोन्हीकडे लिहिलंय का

"अनडिफाइन्ड रेफरन्स" आणि __एसॅन_ दिसलं की बघायची जागा एकच. "-एफसॅनिटाइझ=अ‍ॅड्रेस" सीफ्लॅग्ज मध्ये आहे आणि एलडीफ्लॅग्ज मध्ये नाही. कंपाइल करताना तपासण्या घातल्या, जोडताना लायब्ररी घेतलीच नाही. दोन्हीकडे लिहा. सोबत "-जी" आणि "-एफनो-ऑमिट-फ्रेम-पॉइंटर" टाका, नाहीतर पुढे रिपोर्ट येईल पण ओळ क्रमांक येणार नाही.

"-स्टॅटिक" असेल तर काढा, एसॅनसोबत ते चालत नाही. काही फाइली जीसीसीने आणि काही क्लँग या दुसऱ्या कंपायलरने केल्या असतील तर एकाच कंपायलरने सगळ्या पुन्हा करा. दोघांच्या लायब्ररींची नावं सारखी वाटली तरी त्या वेगळ्या आहेत.

विंडोजवाल्यांसाठी

मिनजीडब्ल्यूच्या, म्हणजे विंडोजवरच्या, जीसीसीसोबत लिबएसॅन येत नाही. तुमच्या मशीनवर नाही असं नव्हे, मुळातच नाही. त्यामुळे "कॅनॉट फाइंड -एलएसॅन" वर संध्याकाळ घालवू नका. डब्ल्यूएसएलमध्ये (विंडोजमध्येच लिनक्स चालवण्याची सोय) उबुंटू टाका, किंवा व्हिज्युअल स्टुडिओ घ्या: २०१९ च्या १६.९ आवृत्तीपासून त्यात एसॅन आहे, इन्स्टॉलरमध्ये त्याचा घटक निवडलेला आहे ना तेवढं बघा.

लिबएसएसपी-०.डीएलएल ही वेगळी राखण आहे. ती स्टॅकवर, फंक्शनच्या परतीच्या पत्त्याआधी, एक गुप्त आकडा ठेवते आणि फंक्शन संपताना तो बदललाय का बघते. ही फाइल कंपायलरच्या बिन फोल्डरात असते. तुमच्या मशीनवर ते फोल्डर पाथमध्ये (विंडोज जिथे फाइली शोधतं त्या यादीत) आहे, गुरुजींच्या मशीनवर नाही, एवढाच फरक. स्वतःच्या कंपायलरच्या फोल्डरातून फाइल उचलून प्रोग्रामशेजारी ठेवा, किंवा "-स्टॅटिक" देऊन बिल्ड करा (इथे चालतं, एसॅनला चालत नाही). "फुकट डीएलएल डाउनलोड" छापाच्या साइटवरून ती घेऊ नका. कुणी बनवली माहीत नाही, ३२ बिटची की ६४ बिटची माहीत नाही, आणि असली फाइल आपण सुरक्षेसाठी बसवणार!

आधीच कुणी येऊन बसलंय का

"डझ नॉट कम फर्स्ट" चा अर्थ सरळ आहे: मेमरी देण्याघेण्याचं काम एसॅनला पहिल्यापासून हातात हवं, आणि त्याच्याआधी दुसरी लायब्ररी आत आली. "इको $एलडी_प्रीलोड" करून बघा. त्यात लिहिलेली लायब्ररी प्रत्येक प्रोग्राममध्ये सगळ्यात आधी शिरते. काही दिसलं तर "अनसेट एलडी_प्रीलोड" करून प्रोग्राम पुन्हा चालवा.

दुसरं कारण पायथन. सी मध्ये लिहिलेलं मॉड्यूल एसॅनसह बिल्ड केलं, पण ते बोलावणारा पायथन साधाच आहे. अशा वेळी लिबएसॅन स्वतःहून पुढे बसवावं लागतं: "जीसीसी -प्रिंट-फाइल-नेम=लिबएसॅन.एसओ" ने जो पत्ता मिळेल तो एलडी_प्रीलोड मध्ये द्या, फक्त त्या एका आज्ञेपुरता. तो बॅशआरसीमध्ये (टर्मिनल उघडताच वाचली जाणारी फाइल) लिहिला तर एलएस पासून एडिटरपर्यंत सगळ्यांवर एसॅन बसेल. मग मशीन कासव झाल्याची नवी तक्रार घेऊन याल.

व्हॅलग्रिंड (मेमरी तपासणारं दुसरं हत्यार) आणि एसॅन एकत्र चालवू नका, दोन्ही एकच जागा मागतात. जीडीबी या डिबगरखाली गळती-तपासणी चालत नाही, तिथे एसॅन_ऑप्शन्स मध्ये "डिटेक्ट_लीक्स=०" द्या. आणि माल्लॉक_चेक_ (लिनक्सच्या मूळ सी लायब्ररीची, म्हणजे जीलिबसीची, स्वतःची मेमरी-तपासणी) वापरणाऱ्यांसाठी: जीलिबसी २.३४ पासून ते काम लिबसी_माल्लॉक_डिबग या वेगळ्या फाइलमध्ये गेलंय. ती प्रीलोड केली नाही तर चूक दिसत नाही, सूचनाही येत नाही, काहीच होत नाही. उबुंटू २२.०४ पासून पुढे सगळ्यांना हे लागू आहे.

यूलिमिट

"रिझर्व्ह शॅडो मेमरी रेंज फेल्ड" असं काही आलं तर "यूलिमिट -व्ही" चालवा. उत्तर "अनलिमिटेड" हवं. पोरांचा बिघडलेला प्रोग्राम अख्खी मेमरी खाऊ नये म्हणून लॅबमध्ये ही मर्यादा घातलेली असते, आणि घालणाऱ्याचं चुकलेलं नसतं. पण ६४ बिटच्या लिनक्सवर प्रोग्रामला १२८ टीबी पत्ते मिळतात आणि त्याचा आठवा भाग, म्हणजे १६ टीबी, एसॅन सावलीसाठी राखून ठेवतं. खरी रॅम एवढी लागत नाही, फक्त पत्ते अडवले जातात. तरी यूलिमिटला ते १६ टीबीच दिसतात आणि ते दार लावतं. मर्यादा लॅबवाल्या सरांना सांगून काढून घ्या, स्वतः खटपट करू नका.

लाइट गेल्यावर येणारं डेडलीसिग्नल

यावर जास्त बोलतो, कारण इथे सगळे चुकीच्या दिशेने जातात. दुपारी लाइट जाते, इन्व्हर्टर दम सोडतो, मशीनं बंद पडतात. लाइट आल्यावर कालपर्यंत चालणारा प्रोग्राम डेडलीसिग्नल ओकायला लागतो. निष्कर्ष तयारच असतो: व्होल्टेजने रॅम उडाली. मग रॅम काढून, पुसून, परत बसवण्याचा कार्यक्रम होतो. तेवढ्यात दोनदा प्रोग्राम नशिबाने चालतो आणि रॅमच होती यावर शिक्कामोर्तब.

होतं असं. मशीन अपडेट आपोआप घेतं, नवा कर्नल (लिनक्सचा गाभा) डिस्कवर येऊन पडतो, पण रीबूट होईपर्यंत जुनाच चालू असतो. लॅबची मशीनं महिनोन्महिने रीबूट होत नाहीत. लाइट जाते तेव्हाच होतात. म्हणजे लाइटने बिघाड केला नाही, नवा कर्नल सुरू केला.

नव्या कर्नलने केलेला बदल चांगलाच आहे. हल्लेखोराला पत्ता ओळखता येऊ नये म्हणून लिनक्स प्रत्येक वेळी लायब्ररी वेगळ्या जागी ठेवतो. ही जागा किती बिटांनी हलवायची हे व्हीएम.एममॅप_आरएनडी_बिट्स हा आकडा ठरवतो. तो पूर्वी २८ होता. उबुंटूच्या ६.५ आणि नंतरच्या कर्नलांत ३२ झाला. एसॅनची सावली मात्र ठरलेल्या पत्त्यावर असते. जागा जास्त हलली की कधी कधी लायब्ररी नेमकी त्या सावलीत जाऊन बसते. कधी कधीच, म्हणून प्रोग्राम कधी चालतो, कधी नाही.

आधी खात्री करा: "सेटआर्क -आर ./हिशेब". त्या एका धावेपुरतं हलवणं बंद होतं. असं केल्यावर दर वेळी चालत असेल तर रोग हाच. मग "सुडो सिसकंट्रोल व्हीएम.एममॅप_आरएनडी_बिट्स=२८". पण हा आकडा पुढच्या रीबूटपर्यंतच टिकतो, म्हणजे आपल्याकडे पुढची लाइट जाईपर्यंत! "एकदा केलं होतं, पुन्हा आलं" ही तक्रार इथूनच येते. टिकाऊ करायचं असेल तर तीच ओळ ईटीसी/सिसकंट्रोल.डी मधल्या एका फाइलमध्ये लिहावी लागते. त्याहून बरं म्हणजे नवा कंपायलर: क्लँग १८ ला ही अडचण ओळखता येते आणि तो स्वतःच वाट काढतो. लॅबच्या मशीनवर २८ चालेल. लोकांच्या वापरातल्या सर्व्हरवर तो आकडा कमी करणं म्हणजे सुरक्षा कमी करणं, तिथे हात लावू नका.

राखणदार खरंच ओरडला तर

वरचं सगळं नीट आहे आणि रिपोर्ट येतोय, तर चूक तुमच्या कोडमध्ये आहे. एसॅनचा इशारा खोटा निघणं फार दुर्मिळ. रिपोर्टात वरून खाली येताना तुमच्या स्वतःच्या फाइलचं नाव पहिल्यांदा दिसेल ती ओळ उघडा.

मराठवाड्यातल्या प्रोजेक्टांत हमखास सापडणारं उदाहरण देतो. आडतीच्या पट्टीचा, किंवा पीक विम्याच्या यादीचा प्रोग्राम. जिल्ह्याच्या नावासाठी ३२ बाइटचा अ‍ॅरे. यूटीएफ-८ मध्ये देवनागरीचं प्रत्येक चिन्ह तीन बाइट घेतं, आणि काना, मात्रा, अनुस्वार, हलन्त हेही स्वतंत्र चिन्हच. औरंगाबाद: आठ चिन्हं, २४ बाइट, शेवटचा शून्य धरून २५. उस्मानाबाद: ३१, काठोकाठ. २०२३ मध्ये जिल्ह्यांची नावं बदलली. धाराशिव २२ बाइटमध्ये बसलं, काही झालं नाही. छत्रपती संभाजीनगर मात्र ५० बाइट. एसटीआरसीपीवायने (मजकूर कॉपी करणाऱ्या फंक्शनने) अठरा बाइट शेजारच्या जागेत सांडले. जुना प्रोग्राम वर्षानुवर्षं चालत होता, म्हणून सगळे लायब्ररीवर, मशीनवर, लाइटवर संशय घेतात. रिपोर्टात "राइट ऑफ साइझ ५०" स्पष्ट लिहिलेलं असतं.

हाच अ‍ॅरे एखाद्या स्ट्रक्टच्या आत असेल आणि सांडलेले बाइट त्याच स्ट्रक्टच्या पुढच्या रकान्यात पडत असतील, तर एसॅन गप्प राहतं, कारण ते अख्ख्या स्ट्रक्टभोवती पट्टा आखतं, रकान्यांमध्ये नाही. तेव्हा जिल्ह्याच्या नावाचं शेपूट तालुक्याच्या रकान्यात दिसू लागलं आणि एसॅनने काही म्हटलं नाही, तरी कोड तपासा.

रॅम

शेवटची आणि कंटाळवाणी तपासणी. एकाच मशीनवर वेगवेगळे प्रोग्राम पडतात, ब्राउझरही पडतो, फाइली उघडताना बिघडलेल्या निघतात आणि तोच कोड शेजारच्या मशीनवर स्वच्छ चालतो, तरच इकडे या. मेमटेस्ट८६+ पेन ड्राइव्हवरून बूट करून रात्रभर चालवा, इन्व्हर्टरची खात्री असलेल्या रात्री. एकही लाल ओळ आली तर ती रॅम गेली समजा.

इथे थांबा, माणूस बोलवा

मेमटेस्टला चूक आली की हार्डवेअरवाल्याकडे द्या. रॅम पुसून बरी होत नाही, आणि वॉरंटीतलं मशीन तुम्ही उघडलं तर वॉरंटीवरूनच वाद होतो.

मशीनवर सुडोचा अधिकार नसेल, किंवा जीलिबसी बदला असा सल्ला कुणी दिला, तर थांबून सिस्टीम अ‍ॅडमिनला बोलवा. जीलिबसी अर्धवट बदलली की एलएस सुद्धा चालत नाही.

रिपोर्टातल्या सगळ्या ओळी विकत घेतलेल्या, कोड नसलेल्या लायब्ररीत जात असतील (वजनकाट्याच्या किंवा बोटाच्या ठशाच्या यंत्रासोबत आलेल्या लायब्ररीत हे होतं), तर पुढचं काम ती देणाऱ्याचं.

आणि प्रोग्राम लोकांचे पैसे किंवा नोंदी हाताळत असेल, तर चालू सर्व्हरवर एसॅन बसवून प्रयोग करू नका. ते चाचणीचं हत्यार आहे. चालवणाऱ्याच्या नव्हे, फाइलमालकाच्या अधिकाराने चालणाऱ्या सेटयूआयडी प्रोग्रामसोबत तर ते स्वतःच सुरक्षेचं भोक ठरतं. अनुभवी माणसाकडून वेगळ्या मशीनवर त्याची प्रत उभी करून घ्या.

बोलावण्याआधी चार गोष्टी एका फाइलमध्ये ठेवा: चूक.टीएक्सटी पूर्ण, एलडीडीचं उत्तर, "जीसीसी --व्हर्जन" आणि "यूनेम -आर". पडद्याचा मोबाइलने काढलेला फोटो पाठवू नका, त्यात आकडे वाचता येत नाहीत.